भुतांनाही जात असते

जून २०२४ मध्ये 'मुंज्या' हा हिंदी चित्रपट आला. दिग्दर्शक आदित्य सरपोतदार, गोष्ट कोकणातली, भूत अस्सल मराठी. मोठा नट नसतानाही या चित्रपटाने देशात १०० कोटींच्या वर धंदा केला. आमच्या यवतमाळ जिल्ह्यातल्या पोट्ट्यांनीही तो पाहिला. कोणी टॉकीजमध्ये, कोणी मोबाईलवर. पाहणाऱ्यांत १४ एप्रिलला मिरवणुकीत निळा झेंडा धरणारेही होते. त्यात गैर काही नाही. भीतीची मजा घेणे हा माणसाचा फार जुना छंद आहे आणि ती मजा आम्हीही घेतो.

पण आंबेडकरी माणूस गोष्ट ऐकताना एक प्रश्न विचारतो: ही गोष्ट सांगणारा कोण आणि कोणाविषयी सांगतोय? मुंजा म्हणजे मुंज झाली, पण सोडमुंज होण्याआधी मेला, असा ब्राह्मण मुलगा. तो पिंपळावर राहतो, असे सांगतात. मग ज्या समाजाला मुंजीचा अधिकारच नव्हता, त्याचा मुलगा मेला तर तो कोणते भूत व्हायचा? हा प्रश्न विनोदी वाटेल, पण याचे उत्तर छापील कागदांवर आहे.

भुतांची वर्णव्यवस्था

नाशिकचे कलेक्टर जॅक्सन यांना २१ डिसेंबर १९०९ रोजी अनंत कान्हेरे यांनी गोळी घातली, हे शाळेत शिकवतात. हेच जॅक्सन मुंबई इलाख्यातल्या शाळामास्तरांकडून लोकसमजुतींची माहिती गोळा करत होते, हे मात्र कोणी सांगत नाही. त्यांच्या मृत्यूनंतर एन्थोव्हेन या अधिकाऱ्याने ती माहिती संपादित केली. कोकणाचा भाग १९१५ मध्ये छापून आला. त्यातली भुतांची यादी वाचताना आपण जनगणनेचा जातवार तक्ता वाचतोय, असेच वाटते.

विद्वान, गर्विष्ठ ब्राह्मण मेला की ब्रह्मग्रह. मुंज झालेला मुलगा मेला की मुंजा. लग्नानंतर लवकर मेलेला शूद्र देवचार. कोळी-खारव्याचे भूत झोटिंग. मुसलमानाचे भूत खवीस, आणि हा शब्दच अरबी 'खबीस' म्हणजे दुष्ट यावरून आलेला. म्हणजे मेल्यावरही माणूस जातीतून सुटत नाही. जिवंतपणी जी उतरंड, तीच पिंपळावर आणि मसणवटीत. ब्राह्मणाच्या भुताला मान, त्याला उतरवायला विधी आणि दक्षिणा. खालच्याच्या भुताला कोंबडे, दारू आणि शिव्या.

बायकांच्या भुतांची विभागणी आणखी बोलकी आहे. नवरा जिवंत असताना मेलेली ती जखीण. विधवा मेली ती लावसट. बाळंतपणात किंवा त्यानंतरच्या दहा दिवसांत मेलेली ती हडळ. बाईची ओळख जिवंतपणी नवऱ्यावरून आणि बाळंतपणावरून ठरत होती, भूत झाल्यावरही त्याच्याच वर ठरली. 'हडळ' ही शिवी आज आपणही सहज तोंडात घेतो. पण हडळ म्हणजे कोण? अंधाऱ्या खोलीत, विटाळ म्हणून वेगळी टाकलेली, ताप चढून मेलेली बाळंतीण. जिला वाचवायचे होते तिला गावाने वाचवले नाही, आणि मेल्यावर तिलाच घाबरायला लागले. आमच्या मते हडळीच्या गोष्टी म्हणजे या प्रदेशातल्या मातामृत्यूंचे न लिहिलेले रजिस्टर आहे.

भुतांचा पत्ता

आता भुते राहतात कुठे ते पाहा. वेशीबाहेर, शिवेवर, मसणवटीत, ओढ्याकाठी, पडक्या विहिरीजवळ. हा पत्ता ओळखीचा वाटत नाही का? गावाने जिथे भूत ठेवले, तिथेच महारवाडा आणि मांगवाडा ठेवला. गावकुसाच्या आत माणसे आणि देव, बाहेर भुते आणि अस्पृश्य.

गावगाड्याने महारांना कोणती कामे दिली होती तेही आठवा. रात्री वेशीवर पहारा, शिवेची राखण, मेलेली जनावरे ओढणे, सरणाची लाकडे पोचवणे, मयताचा निरोप घेऊन परगावी पायी जाणे. ज्या अंधारात भूत असते म्हणून गाव कड्या लावून बसे, त्याच अंधारातून आमचे पणजोबा चालत होते. भुताची भीती गावाची, आणि त्या भीतीतली कामे आमची. या कामांना 'वतन' असे गोंडस नाव होते. बाबासाहेबांनी १९२८ मध्ये मुंबईच्या कायदेमंडळात महार वतनाविरुद्ध बिल मांडले, तेव्हा त्यांनी या अंधारातल्या फुकट राबणुकीवरच हात घातला होता.

भुताला सावली नसते म्हणतात. आमच्या पूर्वजांना सावली होती आणि ती सावलीच भूत ठरली होती. 'जातिसंस्थेचे उच्चाटन' या १९३६ च्या निबंधात बाबासाहेबांनी पेशवाईतली स्थिती नोंदवली आहे. समोरून हिंदू येत असेल तर अस्पृश्याने रस्त्यावर यायचे नाही, त्याची सावली पडेल म्हणून. पुण्यात कमरेला झाडू, पावलांचे ठसे पुसायला. गळ्यात मडके, थुंकी जमिनीवर पडू नये म्हणून. आणि ओळख पटावी म्हणून मनगटात किंवा गळ्यात काळा दोरा.

काळा दोरा! मित्रांनो, आज तो दोरा आपली तरुण मुले-मुली पायात आणि मनगटात हौसेने बांधतात. नजर लागू नये म्हणून, किंवा नुसती फॅशन म्हणून. ज्या दोऱ्याने आपल्याला दुरून ओळखून टाळले जायचे, तो दोरा आपण स्वतः विकत घेऊन बांधतोय. आम्ही कोणाच्या पायातला दोरा तोडायला जाणार नाही. पण बांधणाऱ्याने हा इतिहास वाचून मग ठरवावे, एवढेच म्हणणे आहे.

राक्षस कोणी ठरवला?

भुतांच्या आधी राक्षस आले. असुर, दैत्य, दानव यांची वर्णने आठवा: काळा रंग, मोठे दात, यज्ञ मोडणारे, जंगलात राहणारे. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' लिहून हा चष्मा उलटा केला. नृसिंह, वामन, परशुराम या अवतारकथा त्यांनी जिंकलेल्यांनी लिहिलेला युद्धाचा वृत्तांत म्हणून वाचल्या. त्यात बळीराजा हा न्यायी राजा आहे, आणि वामन पाताळात घालणारा कपटी. गावोगावचा म्हसोबा त्यांच्या मते बळीच्या राज्यातला 'महासुभा', म्हणजे अधिकारी. 'महार' या शब्दात त्यांना 'महाअरी', म्हणजे मोठा शत्रू, दिसला. भाषाशास्त्राच्या कसोटीवर या व्युत्पत्ती टिकतात का, यावर वाद घालता येईल. पण त्यांची पद्धत टिकते: ज्याला राक्षस म्हटले आहे, त्याच्या बाजूने गोष्ट वाचून पाहा.

आणि हे वाचन सनातन्यांच्या ग्रंथातही सापडते. वाल्मीकी रामायणाच्या उत्तरकांडात राक्षसांची उत्पत्ती आहे. ब्रह्मदेवाने प्राणी निर्माण केले आणि पाण्याचे रक्षण करायला सांगितले. जे 'आम्ही रक्षण करू' म्हणाले, ते राक्षस झाले. म्हणजे त्यांच्याच पोथीत राक्षस हा मुळात राखणदार आहे! पाणी राखणारा राक्षस ठरला, आणि पाणी प्यायला निघालेल्यांवर महाडला लाठ्या पडल्या.

लोकपरंपरेनेही ही दुसरी बाजू पुरती मरू दिली नाही. अकोला जिल्ह्यातल्या सांगोळ्यात रावणाची दहा तोंडांची काळ्या दगडाची मूर्ती आहे आणि गाव तिची पूजा करते. आमच्या यवतमाळ जिल्ह्यात राळेगाव तालुक्यात रावेरीला सीतेचे मंदिर आहे, एकट्या सीतेचे. रामाने टाकलेली गरोदर सीता इथे राहिली, मूठभर गव्हासाठी दारोदार फिरली, गावाने दिला नाही, म्हणून तिने इथे गहू पिकणार नाही असा शाप दिला, अशी आख्यायिका आहे. शरद जोशींनी पुढाकार घेऊन या मंदिराचा जीर्णोद्धार केला. या गोष्टीत राक्षस कोण? दहा तोंडांचा नव्हे. गरोदर बाईला घराबाहेर काढणारी व्यवस्था आणि तिला मूठभर धान्य नाकारणारे गाव.

हे प्रश्न विचारले की काय होते, तेही आपण पाहिले आहे. १९८७ मध्ये महाराष्ट्र शासनाने बाबासाहेबांच्या लेखनाच्या चौथ्या खंडात 'हिंदू धर्मातील कोडी' छापली आणि राम-कृष्णाविषयीच्या परिशिष्टावरून ग्रंथच रोखण्याची मागणी झाली. ५ फेब्रुवारी १९८८ रोजी आपली लाखो माणसे मुंबईच्या रस्त्यावर उतरली. तो मोर्चा एका पुस्तकासाठी होता, आणि आपली गोष्ट सांगण्याच्या हक्कासाठीही होता.

पायातले बळी आणि वाड्यातला खजिना

भयपटात जुना वाडा असतो, पडका किल्ला असतो, बुरुजातून किंकाळी येते. त्या बुरुजात कोण आहे? याचे उत्तर मुक्ता साळवे या मांग समाजातल्या विद्यार्थिनीने १८५५ मध्ये देऊन ठेवले आहे. जोतीराव-सावित्रीबाईंच्या शाळेत शिकलेल्या या किशोरवयीन मुलीचा निबंध 'ज्ञानोदय'मध्ये छापला गेला. त्यात ती सांगते की मांग-महारांच्या जमिनी हिसकावून मोठमोठ्या इमारती बांधल्या, आणि त्या इमारतींच्या पायात आमच्या माणसांना तेल-शेंदूर पाजून पुरले जाई. एका शाळकरी मुलीने सरळ शब्दांत लिहिलेला हा मजकूर आहे. त्याच्यापुढे कोणताही भयपट फिका पडतो. तरी बुरुजात पुरलेल्या मांगाची गोष्ट कोणत्या सिनेमात मध्यभागी आली?

२०१८ चा राही बर्वे दिग्दर्शित 'तुंबाड' हा उत्तम चित्रपट आहे, हे मोकळेपणाने मान्य करू. त्यात लोभ हाच राक्षस आहे, आणि तो कोकणस्थ घराण्याच्या पिढ्या खातो. पण त्या वाड्यात सोन्याची नाणी देवाच्या शापाने येतात. खऱ्या कोकणातल्या वाड्यात ती कुळांच्या खंडातून येत होती. चित्रपटाला ज्या कादंबरीवरून नाव मिळाले, तिच्या नावातच 'खोत' आहेत. या खोती पद्धतीविरुद्ध बाबासाहेबांनी १९३७ मध्ये कायदेमंडळात बिल आणले, आणि पुढच्या जानेवारीत हजारो कुळे मुंबईत मोर्चाने आली. पडद्यावर खजिन्याचा शाप दिसतो, खजिन्याचा हिशोब दिसत नाही. तो हिशोब मागण्याचे काम आपले आहे.

आपली भयकथा

मग आपल्याकडे भयकथा नाहीच का? आहे, आणि ती मराठीतल्या सर्वांत भेदक कथांपैकी एक आहे. अण्णा भाऊ साठे यांची 'स्मशानातील सोनं'.

वारणेकाठचा भीमा कामासाठी मुंबईला येतो, उपनगरात खाणीत राबतो. खाण बंद पडते. उपासमार सुरू होते. एके दिवशी मसणाच्या राखेत त्याला सोने सापडते, आणि तो राख चाळू लागतो. पुढे मध्यरात्री प्रेते उकरू लागतो. एका रात्री ताज्या प्रेतासाठी त्याची कोल्ह्यांच्या टोळीशी झुंज होते. तो जिंकतो, पण प्रेताच्या जबड्यात त्याची बोटे अडकतात आणि कायमची जातात. आणि मग बातमी येते की खाण पुन्हा सुरू झाली आहे.

या कथेत मसण आहे, मध्यरात्र आहे, प्रेत आहे, रक्त आहे. भूत मात्र नाही. भीमा भुताला भीत नाही, तो भुकेला भितो. नेहमीच्या भयकथेत सुखवस्तू माणूस एका रात्रीपुरता मसणात जातो. अण्णा भाऊंच्या कथेत बेकारी माणसाला रोज रात्री मसणात पाठवते. जो पूर्वी सरणाची लाकडे वाहायचा, त्याचा नातू प्रेतातले सोने शोधतो. ही भयकथा वाचून अंगावर काटा येतो, आणि राग येतो. आपल्या भयकथेची कसोटी हीच आहे की भीती संपल्यावर राग उरला पाहिजे.

अमेरिकेतल्या काळ्या लोकांनी हा प्रवास केला आहे. १९१५ च्या 'बर्थ ऑफ अ नेशन'ने काळ्या पुरुषाला राक्षस म्हणून रंगवले आणि कू क्लक्स क्लॅनला नायक केले. शंभर वर्षांनी, २०१७ मध्ये, जॉर्डन पील या काळ्या दिग्दर्शकाने 'गेट आउट' काढला. त्यात राक्षस म्हणजे गोड बोलणारे, सुशिक्षित गोरे कुटुंब. त्याला पटकथेचे ऑस्करही मिळाले. जोतीरावांनी 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या गुलामीविरुद्ध लढलेल्यांना अर्पण केली होती. त्या लढ्याचे आजचे वारस कॅमेरा घेऊन उभे आहेत. आपले तरुण कधी उभे राहणार?

यवतमाळचा राक्षस

आता आपल्या जिल्ह्याकडे या. २०१६ ते २०१८ या काळात राळेगाव-पांढरकवडा भागातले १३ मृत्यू एका वाघिणीच्या नावावर लागले. वनखात्याच्या लेखी ती टी-१, शहरी प्राणीप्रेमींच्या तोंडी 'अवनी'. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. तिला पकडायला हत्ती आणले, 'ऑब्सेशन' नावाचे परदेशी अत्तर शिंपडले. २ नोव्हेंबर २०१८ च्या रात्री बोराटीच्या जंगलात ती मारली गेली. मागे दोन बछडे राहिले.

गावात फटाके फुटले आणि शहरांत मेणबत्त्या पेटल्या. एकीकडे ती नरभक्षक राक्षसीण, दुसरीकडे ती शहीद आई. दोन्ही गोष्टींत माणसे गायब होती. मेलेले कोण होते? गुरे चारणारे, शेतात मजुरी करणारे, जंगलाला लागून तुकडाभर जमीन कसणारे. वाघिणीला सुंदर नाव मिळाले. १३ जणांचा मात्र आकडा झाला. वाघिणीला नाव मिळाले याबद्दल आमची तक्रार नाही. वाघीण तिच्या जंगलात होती. जंगल तुटत गेले, आणि गरिबाला गुरांसाठी त्याच जंगलात जावे लागले. राक्षस शोधायचाच असेल तर तो या दोघांना एकाच पायवाटेवर आणणाऱ्या व्यवस्थेत शोधा.

त्याच्या आदल्या वर्षी, २०१७ च्या पावसाळ्यात, याच जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसच्या आसपास शेतकरी-शेतमजूर मेले. शेकडो दवाखान्यात पडले, अनेकांची दृष्टी गेली किंवा अधू झाली. या राक्षसाला दात नव्हते, नखे नव्हती. तो पाठीवरच्या पंपात होता, परवानगी देणाऱ्या आणि न तपासणाऱ्या कागदांत होता. म्हणून त्याच्यावर सिनेमा निघाला नाही आणि त्याला मारायला हत्तीही आले नाहीत.

पुराण मारते, धम्म बदलतो

पुराणकथेत राक्षसाचे एकच होते: त्याचा वध. आणि त्या वधाचा सण होतो. बौद्ध परंपरेने वेगळा रस्ता दाखवला. अंगुलिमाल माणसे मारून बोटांची माळ घालायचा. बुद्ध त्याच्याकडे निःशस्त्र गेले आणि तो भिक्खू झाला. लोक त्याला नंतरही दगड मारत, ते त्याने सोसले. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म'मध्ये ही गोष्ट मुद्दाम सांगितली. अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यात हारितीचे शिल्प आहे. ती दुसऱ्यांची मुले खाणारी यक्षिणी. बुद्धांनी तिचेच धाकटे मूल लपवले, तेव्हा तिला इतर आयांचे दुःख कळले आणि ती मुलांची रक्षक झाली. या घटना अशाच घडल्या, असे आमचे म्हणणे नाही. गोष्टी समाजाला काय शिकवतात, एवढाच मुद्दा आहे. एक परंपरा शिकवते, ज्याला राक्षस म्हटले त्याला मारा. दुसरी शिकवते, तो राक्षस कसा झाला ते विचारा.

भूत तर बाबासाहेबांनी १४ ऑक्टोबर १९५६ लाच संपवले. २२ प्रतिज्ञांपैकी सहावी श्राद्धपक्ष आणि पिंडदान नाकारते. ब्राह्मणी कर्मकांडात मेलेला माणूस आधी प्रेत होतो, पिंड दिल्यावर पितर होतो, आणि विधी चुकला की भटकत राहतो. म्हणजे भूत ही दक्षिणेची वसुली आहे. पिंडच नाकारला की प्रेत उरत नाही.

तरीही आपल्याच वस्त्यांत सून 'अंगात आलंय' म्हणून भगताकडे नेली जाते. हे आम्ही कामात पाहतो. ती बहुतेक वेळा रक्ताने कमी, झोपेने कमी आणि मारहाणीने जास्त असते. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी खून झाला आणि त्यानंतर जादूटोणाविरोधी कायदा आला. भूत उतरवण्याच्या नावाखाली साखळदंडाने बांधणे, मारणे, मिरचीची धुरी देणे, साप-विंचू चावल्यावर उपचार रोखणे, हे त्यात गुन्हे आहेत. शिक्षा सहा महिने ते सात वर्षे. हा कायदा प्रत्येक बुद्धविहाराच्या भिंतीवर लागला पाहिजे.

तेव्हा तरुणांनो, भयपट जरूर पाहा. पण पाहून झाल्यावर चार जण बसा आणि विचारा: यातले भूत कोणत्या जातीचे? वाडा कोणाच्या घामाचा? किंचाळणारी बाई कशाने मेली? आणि मोबाईलवर रील बनवताच आहात, तर मुक्ता साळवेंचा निबंध वाचून दाखवा, 'स्मशानातील सोनं' सांगा, आजीकडून मयताचा निरोप घेऊन रात्री चालत गेलेल्या पणजोबाची हकीकत रेकॉर्ड करा. ज्यांना हजारो वर्षे भूत ठरवले, त्यांनी बोलायला सुरुवात केली की घाबरण्याची पाळी दुसऱ्यांची येते.

जय भीम! नमो बुद्धाय!